तरंगत्या बेटावर धुक्यातून पाणी काढणारी यंत्रं: पटतील का?

कांदेपोहे: कथा लिहितेय. हवेत तरंगणारं बेट, नदी नाही, विहीर नाही. कडेला पितळी तारांची जाळी ताणलेली अवाढव्य यंत्रं, खाली पन्हाळ. एक म्हातारी रोज जाळीवरचं शेवाळ खरवडते. बेटावर तीनशे माणसं. पाणी पुरेल का? जादू नकोय.

घाटमाथा: पुरेल की! चिलीतल्या चुंगुंगो गावाची वस्तीही साधारण तेवढीच. १९९० च्या दशकात त्यांनी वरच्या एल तोफो डोंगरावरून धुक्याचंच पाणी नळाने आणलं. प्लास्टिकची दुहेरी जाळी, एकेक ४८ चौरस मीटरची. दर चौरस मीटरला दिवसाला सरासरी ३ लिटर.
पण तुझी गोची वेगळीच आहे. धुक्याचे थेंब इतके बारीक की ते धड खाली पडत नाहीत, वारा त्यांना जाळीवर आपटतो. बेटच वाऱ्याबरोबर वाहत असेल, तर बेटावर वारा लागणार कुठून? धुकं जाळीसमोर नुसतं उभं. बेटाला नांगर टाक.

कांदेपोहे: नांगर नको, बेट भटकंच हवं. जाळीच धुक्यात गरगर फिरवली तर?

घाटमाथा: चालेल. फिरवायला बैल लागतील. बैल पाणी पितात, तेवढं हिशेबात धर.

उंटावरचा_शहाणा: तारा बारीक घे. जाड तार असली की हवा थेंबांसकट वळसा घालून निसटते; सलग पत्रा तर बिनकामाचा. म्हातारीला मात्र हात लावू नकोस. चुंगुंगोची जाळी पुढे देखभालीअभावीच मोडीत निघाली.