वास्तव विणणाऱ्या कंपनीत धागा तुटणारच

तुम्ही लिहू पाहताय त्या कथेतली कंपनी वास्तवाचं कापड विणून विकते आणि सगळं यंत्रावर होतं, म्हणून ते सलग, निर्दोष निघतं, असं तुम्ही म्हणता. कंपनी पटली, निर्दोष कापड नाही. मागावर धागा तुटतोच. कोरड्या हवेत सूत जास्त तुटतं, आणि आपल्या नागपूरचा मे महिना माहीतच आहे. जमशेदजी टाटांनी १८७७ मध्ये इथे सुरू केलेल्या एम्प्रेस मिलमध्ये हवा दमट ठेवायची यंत्रं बसवली होती ती त्यासाठीच.

गोळीबार चौकाकडे हातमागावर कोष्टी काका तुटलेला धागा चिमटीत धरून बारीक गाठ मारायचे. दिसायची नाही, पण उलट्या बाजूने बोट फिरवलं की लागायची. तुमच्या कंपनीत असा सांधणारा माणूस हवाच. त्याने जोडलेली एखादी दुपार गिऱ्हाइकाच्या बोटाला लागू दे, कथा तिथून सुरू करा.