म्युझिकलच्या रंगमंचावरून कोरियन मालिकांत आलेले चरित्र अभिनेते : कुठून सुरुवात करू?

केतकी_डोंबिवली

नमस्कार मंडळी,
'हॉस्पिटल प्लेलिस्ट'चे दोन्ही सीझन संपले आणि आता संध्याकाळी काय बघायचं हा प्रश्न पडलाय. त्यातल्या पाच मुख्य डॉक्टरांबद्दल सगळीकडे भरभरून लिहिलेलं आहे. मला मात्र आजूबाजूच्या माणसांनीच जास्त वेड लावलं. सतत कशात तरी फसणारा दो जे-हाक, इमर्जन्सीत जेवणाचा डबा उघडायलाही फुरसत नसलेला बोंग ग्वांग-ह्यन, पाचांपैकी डॉक्टर इक-जुनची सैन्यात मेजर असलेली बहीण. कोण आहेत ही माणसं म्हणून शोधलं, तर जंग मून-सुंग, चे यंग-जुन, क्वाक सन-यंग हे तिघेही म्युझिकलवाले, म्हणजे गाणाऱ्या नाटकांतले निघाले!

तर असे आणखी कोण आहेत? नायक-नायिका नकोत. गाणाऱ्या रंगमंचावर वर्षानुवर्षं काढून मग टीव्हीवर आई, मावशी, शेजारी, हवालदार झालेले हवेत. पन्नास नावांची जंत्री नको, ती गूगलही देतं. एखाद्याचं काम ओळीने बघता येईल असं सुचवा. फार रक्तपात नको, सोबत आई असते.

रंगपीठ

जंत्री नको म्हणालात, म्हणून एकच नाव देतो. ली जंग-उन.

'पॅरासाइट'मधली ती घरकाम करणारी बाई. भर पावसात रात्री दाराची बेल वाजवते आणि तिथून सिनेमा दुसऱ्याच वाटेला लागतो, तीच. जगाने तिला 2019 मध्ये पाहिलं, पण ती रंगमंचावर आली 1991 मध्ये. मधल्या काळात नाटकं, म्युझिकल आणि पोटासाठी मिळेल ते काम. सुपरमार्केटात नोकरी, भाज्यांचा रस विकणं, इतरांना अभिनय शिकवणं, हे सगळं चाळिशीपर्यंत चालू होतं असं तिनेच मुलाखतींत सांगितलंय.

तिच्या रंगमंचावरच्या कामात 'पल्ले' हे म्युझिकल महत्त्वाचं. पल्ले म्हणजे धुणं. 2005 पासून सोलच्या देहांग्नो भागातल्या छोट्या नाट्यगृहांत ते पुन्हा पुन्हा होत आलंय. गावाकडून सोलला आलेली पुस्तकाच्या दुकानातली मुलगी, शेजारच्या गच्चीवर राहणारा मंगोलियन कामगार, आणि दोघांचं जग जिथे जुळतं ती टेकडीवरची गरीब वस्ती. त्यात एक कजाग घरमालकीण आहे. भाड्यावरून, पाण्यावरून सगळ्यांशी भांडणारी. मग कळतं की तिच्या बंद खोलीत अंथरुणाला खिळलेली मोठी मुलगी आहे आणि म्हातारी रोज तिचेच कपडे धुते. ली जंग-उनने ही म्हातारी केली, स्वतः म्हातारी व्हायच्या कितीतरी आधी.

आता 'व्हेन द कॅमेलिया ब्लूम्स' (2019) बघा. मुलीला सात वर्षांची असताना सोडून गेलेली आई अनेक वर्षांनी परत येते, स्मृतिभ्रंश घेऊन. ती नक्की काय विसरली आहे आणि काय लपवते आहे हे कळायला वेळ लागतो. ती आल्यानंतरच्या पहिल्या काही भागांत तिचे डोळे बघत राहा. पल्लेतल्या त्या घरमालकिणीची सावली दिसते की नाही सांगा.

आईसोबत बघायचं असेल तर मात्र 'अवर ब्लूज' (2022) पासून सुरू करा. जेजू बेट, वीस भाग, एकेका भागात वेगवेगळ्या माणसांची गोष्ट. ती मासे विकणारी उन-ही झाली आहे. भावंडांना वाढवता वाढवता स्वतः बिनलग्नाची राहिलेली, पैसा कमावलेली, तोंडाने फटकळ. शाळेतलं पहिलं प्रेम बँकेचा मॅनेजर होऊन गावात परत येतं आणि त्याला पैशांची नड आहे. सुरी चालवतानाचे तिचे हात बघा. बाजारातल्या गलक्यात ओरडून बोलायचा आवाज आणि त्या माणसासमोर आल्यावर अर्ध्यावर येणारा आवाज, यातलं अंतर मोजण्यासारखं आहे. गाणारा नटच आवाज असा खाली आणू शकतो, निदान माझं तरी असं मत आहे.

निशाचर_प्रेक्षक

रंगपीठ, नाव उत्तम, पण 'हॉस्पिटल प्लेलिस्ट'वरून आलेल्या माणसाला आधी जन मी-दो सांगायला हवी होती. पाच डॉक्टरांतली चे सोंग-ह्वा! ती मुळात म्युझिकलची मोठी नायिका. 2016 मध्ये देहांग्नोत 'मेबी हॅपी एंडिंग' आलं तेव्हाची रोबो क्लेअर तीच. हेच म्युझिकल पुढे न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेवर गेलं आणि 2025 मध्ये त्याला सहा टोनी पुरस्कार मिळाले. आणि लेखिका-दिग्दर्शकाने तिला मालिकेत काय दिलं? त्या डॉक्टरांच्या बँडमध्ये जिला कुणी गाऊ देत नाही अशी बेसूर बाई! सुरात गाणाऱ्याने इतकं खात्रीशीर बेसूर गाणं हे येरागबाळ्याचं काम नोहे.

रंगपीठ

मान्य, पण ती टीव्हीवर आली तीच नायिका म्हणून. त्याआधीची कामं किरकोळ. धागा चरित्र भूमिकांचा आहे.

निशाचर_प्रेक्षक

बरं बाबा. मग ली क्यू-ह्युंग घ्या. 'प्रिझन प्लेबुक'मधला नशेबाज कैदी. तुरुंगाची मालिका असली तरी रक्तपात नावापुरता. तो असा लाडिक, चिडका, तोंडाळ आहे की कोठडीतले बाकीचे वैतागतात आणि आपण हसत बसतो. त्याच वर्षी, म्हणजे 2017 मध्ये, 'स्ट्रेंजर'मध्ये तो सरकारी वकिलांच्या पथकातला कोपऱ्यात उभा असलेला गप्प माणूस आहे. दोन्ही पाठोपाठ पाहिल्यावर मी नावं पुन्हा तपासली होती. 'स्ट्रेंजर'चा नायक चो संग-वू हाही 'जेकिल अँड हाइड' आणि 'हेडविग'मुळे म्युझिकलच्या लोकांचं दैवत.

पर्वतीचा_पायथा

थोडं विषयाच्या कडेने लिहितो, पण पुणेकरांना यात गंमत वाटेल.

कोरियात गाणाऱ्या नाटकांतून नट घडवण्याची जी शाळा म्हणता येईल, ती म्हणजे हाकजन हे देहांग्नोतलं छोटं नाट्यगृह. किम मिन-गी नावाच्या गीतकाराने 1991 मध्ये काढलेलं. त्याची गाणी लष्करी राजवटीत बंदी घालण्याइतकी झोंबली होती. तिथे 1994 पासून 2008 पर्यंत 'लाइन 1' नावाच्या म्युझिकलचे सुमारे चार हजार प्रयोग झाले. चीनमधून प्रियकराला शोधत आलेली मुलगी सोलच्या भुयारी रेल्वेत शिरते आणि तिला शहर भेटतं : फेरीवाले, भिकारी, दलाल, कॉलेजची पोरं, श्रीमंत बायका. मोजके नट कपडे बदलून ही सगळी माणसं उभी करायचे, सोबत प्रत्यक्ष वाजणारा बँड. सोल क्यंग-गू, ह्वांग जंग-मिन, किम युन-सक, जांग ह्यन-संग, चो संग-वू हे सगळे याच नाटकातले. यातला जांग ह्यन-संग तुमच्या धाग्यासाठी : 'सिग्नल' (2016) मधला तो वरच्या हुद्द्यावरचा पोलीस, ज्याचं हसू बघून अंगावर काटा येतो. मालिका गुन्ह्यांची आहे, तेव्हा आई झोपल्यावर.

आता पुण्याचा संबंध. 'लाइन 1' मूळचं बर्लिनचं, 1986 चं, ग्रिप्स थिएटरचं. त्याच ग्रिप्सची मोठ्या नटांनी मुलांच्या भूमिका करायची पद्धत डॉ. मोहन आगाशे यांनी पुण्यात आणली, तीही 1986 मध्येच. 'छान छोटे वाईट्ट मोठे' लहानपणी पाहिलेले इथे बरेच असतील. एकाच झाडाला पुण्यात बालनाट्याची फांदी फुटली आणि सोलमध्ये पोलीस-मावश्या करणाऱ्या नटांची. हाकजन मार्च 2024 मध्ये बंद झालं आणि जुलैत किम मिन-गी गेले.

केतकी_डोंबिवली

वा, ग्रिप्सचं माहीतच नव्हतं! 'अवर ब्लूज' सुरू केलं. उन-ही आईला फार आवडली, "ही आपल्या मच्छी मार्केटातली वाटते" म्हणाली. आणि त्यात हॉस्पिटलचा बोंग ग्वांग-ह्यन बर्फ विकताना दिसला!

दोन शंका. एक, हिंदी डब असेल तर तो लावू का? आईला सबटायटल्स वाचताना चित्र सुटतं. आणि दुसरी : 'मोजके नट आणि ढीगभर भूमिका' हे सगळ्याच म्युझिकलमध्ये असतं का?

रंगपीठ

तो बर्फवाला बाप म्हणजे चे यंग-जुन, आधी गायकांच्या एका गटात होता. पुढे त्याची आणि त्याच्या जुन्या मित्राची, आता वैरी झालेल्याची, गोष्ट येते. रुमाल जवळ ठेवा.

डबबद्दल : शक्यतो नको. ज्यांची कमाई आवाजाची, त्यांचाच आवाज काढून टाकला तर उरलं काय? 'मिस्टर सनशाइन'मध्ये ली जंग-उन नायिकेची दाई आहे, खास दक्षिणेकडच्या हेलात बोलणारी. डबमध्ये तो हेल जाणार आणि अर्धी बाई जाणार. आईंसाठी तोडगा : दोन भाग डबमध्ये दाखवा, माणसं ओळखीची झाली की मूळ आवाजावर या आणि अडेल तिथे तुम्ही सांगा. आमच्याकडे असंच चालतं. घरी थोडी कुरकुर होते, पण चालतं.

दुसऱ्या शंकेचं उत्तर : सगळ्या नाही, पण देहांग्नोच्या छोट्या नाट्यगृहांत हे सर्रास. तिथे 'मल्टीमॅन' नावाचा प्रकारच आहे. 'फाइंडिंग किम जोंग-उक' (2006) हे प्रेमकथेचं म्युझिकल घ्या. नायक, नायिका, आणि तिसरा नट वीसहून अधिक माणसं करतो. टॅक्सीवाला, म्हातारी, हवाई सुंदरी, जे लागेल ते. विंगेत गेला की टोपी बदलून दुसऱ्या बाजूने हजर. प्रेक्षक प्रेमकथेला येतात आणि टाळ्या त्याला मिळतात. शिवाय एका भूमिकेसाठी दोन-तीन नट असतात आणि ते आलटून पालटून करतात. रसिक वेगवेगळ्या जोड्या बघायला तेच नाटक पुन्हा पुन्हा बघतात, म्हणून कालच्यासारखंच आज केलं की लगेच पकडलं जातं. असा नट मालिकेत चार मिनिटांसाठी आला तरी पूर्ण माणूस घेऊनच येतो.

समुद्रपक्षी

बायकांमध्ये दोन नावं जोडते. किम हिओरा. 'एक्स्ट्रॉऑर्डिनरी अटॉर्नी वू'चा सहावा भाग बघा, उत्तर कोरियातून पळून आलेली आई, लेकीसाठी पाच वर्षं लपून राहिलेली. आईसोबत बिनधास्त चालेल. मग 'द ग्लोरी'मधली पाद्र्याची बिघडलेली चित्रकार मुलगी बघा, तीच बाई. 'द ग्लोरी' आईसोबत अजिबात नको, शाळेतला छळ बघवत नाही.

दुसरी जंग यंग-जू, 'माय मिस्टर'मधली थोरल्या भावाची वेगळी राहणारी बायको. भूमिका छोटीच, पण ती बोलायला लागली की घरातले तिन्ही भाऊ गप्प.

निशाचर_प्रेक्षक

समुद्रपक्षी, यम हे-रान विसरलात.

समुद्रपक्षी

विसरले नाही. ती नाटकातली, म्युझिकलची नव्हे. तिच्यासाठी वेगळा धागा काढा, मी येतेच.

केतकी_डोंबिवली

ठरलं मग. 'अवर ब्लूज' संपवून 'कॅमेलिया', मग 'प्रिझन प्लेबुक'. 'सिग्नल' रात्री एकटीने. ली जंग-उनचं अगदी अलीकडचं, हलकंफुलकं काही आहे का? 'कॅमेलिया'नंतर आईला हसवायला लागेल असं दिसतंय.

रंगपीठ

'मिस नाइट अँड डे', 2024. नोकरी शोधून थकलेली तरुण मुलगी दिवसा पन्नाशीची होते आणि सूर्य मावळला की परत तरुण. रात्रीची जंग उन-जी, दिवसाची ली जंग-उन. पन्नाशीच्या अंगात पंचविशीतली चाल कशी आणली आहे ते ऑफिसातल्या प्रसंगांत बघा. मध्ये एक खुनाचं प्रकरण घुसवलंय, ते नसतं तरी चाललं असतं. तेवढं फॉरवर्ड करा.