खाणीच्या पर्यावरण अभ्यासात नाल्याचा पूर कसा धरायला लावायचा?

कास्तकार_वरोरा:
आमच्या शिवाराला लागून उघडी कोळसा खाण प्रस्तावित आहे. मी ग्रामपंचायत सदस्य. सल्लागाराची माणसं शाळेच्या छतावर धूळ मोजायचं यंत्र लावून गेली, विहिरींचं पाणी बाटल्यांत भरून नेलं. नाल्याचं विचारलं तर म्हणाले, जनसुनावणीत बोला. २०२२ च्या जुलैत वर्धा नदीचा पूर याच नाल्यातून उलटा चढला आणि आमची कपाशी बुडाली. नकाशात मातीचा डम्प नेमका त्याच काठावर आहे, आणि नाला वळवायचाही बेत आहे. मोजमाप मात्र चाललंय कोरड्या नाल्यावर. सुनावणीपर्यंत थांबायचं का?

भद्रावतीकर:
थांबू नका भाऊ. पर्यावरण मंजुरीच्या २००६ च्या अधिसूचनेप्रमाणे अभ्यासात काय काय बघायचं, म्हणजे टीओआर, हे आधी ठरतं. मंजुरीचे प्रस्ताव तपासणारी सरकारी तज्ज्ञ समिती कंपनीचा फॉर्म १, म्हणजे अर्ज, आणि पूर्वव्यवहार्यता अहवाल (प्रकल्पाचा प्राथमिक अहवाल) बघून ते ठरवते. तिथं गावाला बोलावत नाहीत. सुनावणी होते मसुदा अहवाल हातात आल्यावर. आमच्याकडं लोक पोटतिडकीनं बोलले, सगळं इतिवृत्तात उतरलं, पण जे मोजलंच नव्हतं ते कोणी परत मोजायला आलं नाही.
परिवेश या पर्यावरण मंजुरीच्या सरकारी पोर्टलवरून फॉर्म १ काढा. जागा पूरप्रवण आहे का, हे त्यात सरळ विचारलेलं असतं. तिथं ‘नाही’ लिहिलं असेल तर समितीला लिहायचं पत्र तिथूनच सुरू करा.

पाणी_नमुने:
मी अशा अभ्यासांसाठी नमुने घेतले आहेत. कोळसा खाणीच्या ठराविक टीओआरमध्ये पावसाळा सोडून एका हंगामाची मोजणी मागतात, क्षेत्र १० किमी त्रिज्येचं. त्यामुळे फेब्रुवारीत येणाऱ्याचं नियमाप्रमाणे बरोबरच असतं, पण तुमचा पूर त्यात सापडत नाही. म्हणून ‘पुराचा अभ्यास करा’ एवढंच लिहू नका. पावसाळ्यात नाल्याचा प्रवाह मोजा, वर्धा फुगल्यावर पाणी कुठवर मागे येतं ते नकाशावर दाखवा, डम्प आणि वळवलेला नाला धरून तेच गणित पुन्हा करा, असं मागा.
पुरावा तलाठ्याकडे असेल. २०२२ च्या नुकसानीचे पंचनामे गट क्रमांकानिशी होतात. ते गट गावनकाशावर रंगवले की पाण्याची हद्द आपोआप उमटते.

कापूसवाली_ताई:
दादा, धुळीचंही लिहा. यंत्र शाळेवर आहे, पण कोळशाचे ट्रक ज्या रस्त्यानं जाणार तिथल्या वावरांचं काय? ऑक्टोबरपासून बोंडं फुटतात आणि काळी धूळ बसलेल्या कापसाला व्यापारी भाव पाडून मागतो. आमचं धुऱ्यापलीकडचं वावर रस्त्याला लागूनच आहे, तिथं दरवर्षी हेच होतं. वेचणीच्या दिवसांत रस्त्याकडेची धूळ मोजा म्हणावं.

कास्तकार_वरोरा:
ताई, हे ध्यानातच नव्हतं, घालतो. पंचनाम्याच्या नकलांसाठी उद्याच तलाठ्याकडे अर्ज देतो. ग्रामसभेचा ठराव आणि रंगवलेला नकाशा जोडून पत्र समितीच्या सदस्य सचिवांना रजिस्टर पोस्टानं आणि ई-मेलनंही पाठवायचं ठरवलंय. एक विचारायचं राहिलं, नाल्याच्या पलीकडचं गाव दुसऱ्या तालुक्यात येतं. पाणी त्यांच्याही वावरात शिरलं होतं. त्यांचा ठराव वेगळा पाठवायचा की आमच्यासोबत जोडला तरी चालेल?

भद्रावतीकर:
वेगळा पाठवा. नकाशा मात्र दोन्हीकडे तोच जोडा.