54 आर जिरायत, तीन वारस: तुकडेबंदीमुळे वाटणी अडली आहे, मदत हवी आहे

यवतमाळ जिल्ह्यात वडिलांच्या पश्चात माझ्या, धाकट्या भावाच्या व बहिणीच्या नावे 54 आर सामाईक जमीन असून वारस फेरफार मंजूर आहे. बोजा किंवा वाद नाही. प्रत्येकी 18 आर वाट्याला येतात, तर 8 ऑगस्ट 2023 च्या अधिसूचनेनुसार प्रमाणभूत क्षेत्र (ज्याहून लहान तुकडा पाडता येत नाही ते किमान क्षेत्र) जिरायतीला 20 आणि बागायतीला 10 आर आहे, म्हणजे सारे घोडे दोन आरांवर अडले आहे.

सातबारा जिरायतीचा असला तरी धुऱ्यालगतच्या आमच्या विहिरीला एप्रिलअखेरपर्यंत पाणी असते आणि कपाशीनंतर मोटरवर घेतलेला गहू ई-पीक पाहणीत नोंदवलेला आहे. विहिरीची नोंद मात्र राहून गेली. महसूल संहितेच्या कलम 85 खालील वाटपाचा अर्ज ‘तुकडा पडतो’ असे तोंडी सांगून परत करण्यात आला (लेखी मागूनही मिळाले नाही). हक्कसोडपत्र सुचवू नये, कारण बहिणीला स्वतंत्र सातबारा हवा आहे आणि तो तिचा हक्कच आहे.

विहिरीची व बागायतीची नोंद करून घेण्यासाठी अर्ज तलाठ्यांकडे करावा की थेट तहसीलदारांकडे, सोबत कोणते पुरावे जोडावे, आणि ती नोंद झाल्यावर 18 आरांचे वाटप 10 आरांच्या निकषावर मंजूर होते का?