५४ हप्ते भरले तरी २२० कसे उरले? मदत हवी आहे

कलमवाला
नमस्कार मंडळी. दोन दिवस डोकं चालत नाहीये, जरा लवकर उत्तर द्या.
घरासाठी २५ लाखांचं कर्ज घेतलंय, २० वर्षांचं. म्हणजे २४० हप्ते. त्यातले ५४ भरले, एकही चुकला नाही, गणपतीच्या महिन्यातसुद्धा नाही. मग १८६ उरायला हवेत की नाही? परवा बायकोने बँकेच्या ॲपवर पाहिलं तर उरलेले हप्ते २२०! शिल्लक मुद्दल साडेतेवीस लाख. म्हणजे साडेचार वर्षांत फक्त दीड लाख फिटले.
शाखेत गेलो तर काउंटरवरच्या मॅडम म्हणाल्या, "रेट बदलतो ना, ते सिस्टिमच करते." एवढंच. चूक कुणाची आणि तक्रार कुठे करायची ते सांगा. सोमवारी परत जाणार आहे.

चिरेबंदी
दर किती? फ्लोटिंग (बदलता) की फिक्स (स्थिर)? कर्ज कधीचं? हप्ता किती? यातलं काहीच लिहिलेलं नाही, सांगणार कसं?

खाडीकाठ
आधी घराचे कागद बघून घ्या. सातबाऱ्यावर सहहिस्सेदारांची नावं आहेत का? बिनशेती झाली आहे का? सीआरझेडमध्ये, म्हणजे किनाऱ्यालगतच्या बांधकामबंधनाच्या पट्ट्यात, येतं का? आमच्याकडे एकाचं घर बांधून झालं आणि मग चुलतभावाने हरकत घेतली. आणि पंतप्रधान आवास योजनेत व्याजाची सवलत मिळते, तिचा अर्ज केलात का?

कलमवाला
@चिरेबंदी फ्लोटिंग. पहिला हप्ता जुलै २०२१, तेव्हा दर ६.९० होता. हप्ता २०,६००.
@खाडीकाठ कागद सगळे स्वच्छ आहेत, जागा वडिलांनी माझ्या नावावर करून दिली आहे. देवगडजवळ चिऱ्याचं घर बांधलंय. माझा प्रश्न हप्त्यांचा आहे.

निवृत्त_लेखापाल
२५ लाख, ६.९० टक्के, २० वर्षं, याचा हप्ता १९,२३३ येतो. तुम्ही २०,६०० लिहिलेत. मधे कधीतरी वाढलेला दिसतोय. कधी?

कलमवाला
हो काका, खरंच. एप्रिल २०२३ ला मोबाईलवर मेसेज आला होता. हजार-तेराशेच वाढले म्हणून फार लक्ष दिलं नाही.

निवृत्त_लेखापाल
मग उत्तर तिथेच आहे. मी बँकेत ३१ वर्षं काढली, त्यातली शेवटची अकरा कर्ज विभागात. सविस्तर लिहितो, कागद-पेन घेऊन बसा.

ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवीन फ्लोटिंग घरकर्जं बाहेरच्या दराला बांधलेली असतात, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपोला, म्हणजे ती ज्या दराने बँकांना उसने पैसे देते त्या दराला. तुम्ही कर्ज घेतलंत तेव्हा रेपो ४ टक्के होता. त्यावर बँकेचा २.९० चा स्प्रेड, म्हणजे बँकेची स्वतःची भर, म्हणून ६.९०. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ-दहा महिन्यांत रेपो सहा वेळा वाढून ६.५० झाला. तुमचा दर ९.४० वर गेला.

त्या वेळी तुमची शिल्लक साधारण २४ लाख २३ हजार असणार. तिचं ९.४० ने एका महिन्याचं व्याज १८,९८१ रुपये. जुना हप्ता १९,२३३. म्हणजे मुद्दलात जाणार २५२ रुपये! त्या गतीने कर्ज फिटायला ४६ वर्षं लागली असती. एवढी मुदत देता येत नाही, म्हणून बँकेने हप्ता थोडासा वाढवून २०,६०० केला आणि उरलेला सगळा भार मुदतीवर टाकला. त्या दिवशी तुमचे २१९ हप्ते उरायला हवे होते (आजचे १८६ + तेव्हापासून भरलेले ३३), ते ३२६ झाले. मेसेजमध्ये हप्ता ठळक दिसला असेल, मुदत शेवटच्या ओळीत असेल.

२०२५ मध्ये रेपो उतरत डिसेंबरला ५.२५ झाला. आता तुमचा दर ८.१५ असायला हवा, आणि त्या दराने २२० बरोबर जुळतात. आकडेमोडीत चूक नाही.

आता खरा खर्च बघा. तुम्ही आजवर १०,८३,६९३ रुपये भरलेत, त्यातलं ९ लाख ३२ हजार व्याज. दर आहे तसाच राहिला तर पुढच्या २२० हप्त्यांत आणखी २१ लाख ८३ हजार व्याज. एकूण ३१ लाख १५ हजार. मंजुरीच्या दिवशी याच कर्जाचं एकूण व्याज २१ लाख १६ हजार दिसत होतं. दहा लाखांचा फरक पडला, आणि घरात कुणाला जाणवलं नाही, कारण महिन्याला कापली जाणारी रक्कम फारशी बदलली नाही.

कलमवाला
काका, वाचून हात गार पडले. दहा लाख म्हणजे आमच्या बागेचं पाच वर्षांचं उत्पन्न. बायकोला वाचून दाखवलं, ती म्हणाली अजून एकदा सावकाश वाच.

मालवणी_मेव्हणो
माका पण असाच झाला होता रे. तोंडी बोलान काय उपयोग नाय. लेखी अर्ज दी आणि पोच घी. पोच घेतल्याशिवाय शाखेतसून बाहेर पडा नको.

चिरेबंदी
मेव्हण्यांचं बरोबर आहे. रिझर्व्ह बँकेचं १८ ऑगस्ट २०२३ चं परिपत्रक आहे. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारलं पाहिजे. दर तीन महिन्यांनी स्टेटमेंट द्यायचं, त्यात भरलेलं मुद्दल, भरलेलं व्याज, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर हवा. अर्जात तारखेसकट उल्लेख करा.
दुसरं, तुमचा २.९० चा स्प्रेड जुना आहे. आज नवीन ग्राहकाला साडेसातच्या आसपास कर्ज मिळतंय. साडेसात झालं तर याच हप्त्यात २२० चे २०० होतात. बँक ऐकत नसेल तर कर्ज दुसरीकडे हलवा.

निवृत्त_लेखापाल
हलवण्याची घाई नको. नव्या बँकेची प्रोसेसिंग फी, वकिलाचा सर्च रिपोर्ट, मूल्यांकन, गहाणखताचं मुद्रांक शुल्क, सगळं पुन्हा भरावं लागतं. शिवाय नोटीस ऑफ इंटिमेशन, म्हणजे गहाणाची नोंदणी कार्यालयाला द्यायची सूचना, ३० दिवसांत. हे सगळं मांडा आणि मगच ठरवा. आपल्याच बँकेत स्प्रेड कमी करून मागा, एकदाच फी भरून बहुतेक करून देतात. आणि हप्ता २२,२७८ केलात तर स्प्रेड न बदलताही उरलेलं कर्ज मूळच्या १८६ हप्त्यांत फिटतं. महिन्याला १,६७८ जास्त, पण शेवटी ३ लाख ८७ हजार वाचतात.

सुरंगी
मला एक सांगा, २५ लाख पूर्ण हातात आले होते का? आमच्या कर्जात बँकेने विम्याचा एकरकमी हप्ता आत घुसवला होता, आम्हाला दोन वर्षांनी कळलं.

कलमवाला
सुरंगीताई, फाईल काढून बघितली. आहे. ९०,००० विम्याचे. सही करताना "हे सगळ्यांनाच लागतं" असं सांगितलं होतं. बांधकामाला २४ लाख १० हजारच आले. आणि चौथरा, लिंटेल, स्लॅब असे टप्प्याटप्प्याने मिळाले, तेव्हा आठ महिने नुसतं व्याज भरलं, सत्तरएक हजार. ते मी वर धरलेलंच नाही.

सुरंगी
तेच म्हणते. कर्जाबरोबरचा विमा सक्तीचा नसतो. ते ९० हजार कर्जात मिळवल्यामुळे मूळ हिशोबानेच त्यांचे २० वर्षांत १ लाख ६६ हजार होतात. आणि याहून महत्त्वाचं, अशा विम्याची रक्कम बऱ्याचदा कर्जाच्या मूळ वेळापत्रकानुसार कमी होत जाते. वेळापत्रकाप्रमाणे आज तुमची शिल्लक २१ लाख ९३ हजार हवी होती, प्रत्यक्षात २३ लाख ४९ हजार आहे. उद्या काही बरंवाईट झालं तर मधले दीड लाख घरच्यांच्या डोक्यावर. शिवाय विमा २०४१ ला संपेल, कर्ज चालूच राहील. पॉलिसीचं शेड्यूल मागून घ्या. माझा दीर गेला तेव्हा आम्ही हे अनुभवलंय, म्हणून तळमळीने सांगते.

कलमवाला
हे कधी मनातच आलं नाही ताई. मागतो.
अजून एक. बाग कराराने दिली आहे, त्याचे दोन लाख पाडव्यापर्यंत येतील. ते कर्जात भरू की स्लॅबवर पत्र्याची शेड करू? गेल्या पावसात देवघराच्या भिंतीला ओल आली.

एसआयपी_करा
दोन्ही नको. दोन लाख इंडेक्स फंडात (शेअर निर्देशांकाप्रमाणे चालणाऱ्या म्युच्युअल फंडात) टाका आणि १८ वर्षं विसरा. कर्जावर करसवलत आहे, ती कशाला घालवताय?

निवृत्त_लेखापाल
करसवलत कुठल्या पद्धतीत? नव्या करप्रणालीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट नाही. जुन्यात २ लाखांपर्यंत आहे, पण २० टक्क्यांच्या टप्प्यातला माणूस रुपयाभर व्याज देऊन वीस पैसे परत मिळवतो. त्यासाठी कर्ज ठेवायचं?
आज दोन लाख मुद्दलात भरले आणि हप्ता तोच ठेवला तर २२० चे १८२ होतात. ३८ हप्ते, म्हणजे ७ लाख ८३ हजार भरायचे वाचले. फ्लोटिंग घरकर्जावर व्यक्तीला मुदतपूर्व फेडीचा दंड नसतो. फक्त "हप्ता कमी करा" नव्हे, "मुदत कमी करा" असं अर्जावर लिहा.

एसआयपी_करा
काका, तुमचे ७.८३ लाख १५ वर्षांनंतरचे आहेत. दोन लाख १२ टक्क्यांनी १५ वर्षांत अकरा लाखांच्या आसपास होतात. तुलना करायची तर पूर्ण करा.

निवृत्त_लेखापाल
१२ टक्के कुणी लिहून दिलेत? कर्ज फेडलं की ८.१५ टक्के पक्के, त्यावर करही नाही. करारावर बाग देणाऱ्याचं उत्पन्न मोहोरावर आणि थंडीवर अवलंबून असतं. त्याने आणखी जोखीम घ्यावी असं मला वाटत नाही. तुमचा पगार स्थिर असेल तर तुमचं बरोबर असेल.

मालवणी_मेव्हणो
तुमी दोघा भांडत रवा. पावस काय थांबणार नाय. ओल स्लॅबाच्या सळयेपर्यंत गेली काय ती गंजतली, मगे दोन लाखात भागणार नाय. आदी शेड घाल रे बाबा.

खाडीकाठ
आवास योजनेबद्दल कुणीच बोललं नाही. नगरपंचायत हद्दीत असाल तर बघा.

चिरेबंदी
@खाडीकाठ ती योजना पक्कं घर नसलेल्यांसाठी आहे. यांचं घर २०२१ मध्येच उभं राहिलं.

कलमवाला
सोमवारचा वृत्तांत. अर्ज दोन प्रतींत नेला, पोच घेतली. अर्ज हातात घेतल्यावर मॅनेजरसाहेबांनी खुर्ची दिली आणि स्क्रीन माझ्याकडे वळवली. काकांचे आकडे जवळपास रुपयाला रुपया जुळले. स्प्रेड २.९० चा २.४० करायला एकदाच साडेपाच हजार अधिक जीएसटी घेतले. दर ७.६५ झाला. हप्ता मी स्वतःहून २२,३०० सांगितला. जानेवारीचा हप्ता गेल्यावर जुन्या पद्धतीने २१९ उरले असते, आता १७५ दाखवतंय. बायकोने ॲपवर दोनदा उघडून बघितलं. निवृत्त काका, तुम्ही एक आंब्याची पेटी नाकारायची नाही.
पाडव्याचे पैसे: शेड आधी, अंदाज १ लाख ४० हजार. उरलेले ६० मुद्दलात, मुदत कमी असं लिहून.
विम्याचं शेड्यूल अजून दिलेलं नाही, वरच्या ऑफिसकडून येईल म्हणाले. ते आलं की सुरंगीताई, इथेच टाकतो, तुम्ही बघून सांगा.

सुरंगी
नक्की. आठ दिवसांत आलं नाही तर ईमेल करा, वाट बघत बसू नका.

मालवणी_मेव्हणो
शेडीचो अंदाज कोणाकडसून घेतलंस? समुद्राच्या वाऱ्यात साधो पाइप तीन वर्सात खपल्यो सोडता. रंगाचे दोन हात दी आणि पत्र्याक पावसाच्या बाजून दीड फूट जास्ती सोड, नायतर देवघराची भिंत परत भिजतली.