नारव्हेल आणि बेलुगा, नक्की फरक काय?

कोथरूडची_मावशी: भाचीला शाळेत आर्क्टिकच्या व्हेलवर प्रोजेक्ट दिलाय (पाषाण तलावातले पक्षी सोडून पुण्याच्या पोरांना हे कशाला, असो). नारव्हेल नि बेलुगा एकाच कुळातले म्हणे, मग एकाला शिंग आणि दुसऱ्याला नाही असं का?

बाणेरी_बायो: शिंग नाही हो ते, दात आहे! नराचा वरचा डावा सुळा ओठ फोडून बाहेर येतो आणि पीळ घेत अडीच-तीन मीटरपर्यंत वाढतो, माद्यांना सहसा नसतोच. गंमत म्हणजे तोंडात बाकी कामाचा एकही दात नाही, मासा ओढून अख्खाच गिळतात. बेलुगाला मात्र ३०-४० दात.

पेठेतला: चित्र काढणार असेल तर बेलुगाचं पिल्लू करडं रंगवायला सांगा, मोठं होता होता पांढरं पडतं ते. पाठीवर पर दोघांनाही नाही, बर्फाखाली पोहायला बरंच आहे. नारव्हेल खोलातला गडी, १५०० मीटरच्याही खाली बुडी मारतो, हॅलिबट मासे धरायला. बेलुगा उन्हाळ्यात नदीच्या मुखाशी उथळ पाण्यात येतो आणि तळाच्या खडीवर अंग घासून जुनी कातडी काढतो.

बाणेरी_बायो: ग्रीनलंडमधे मिळालेल्या एका विचित्र व्हेलची कवटी पण टाका प्रोजेक्टमधे, २०१९ ला तिचा डीएनए तपासला तर आई नारव्हेल आणि बाप बेलुगा निघाला.

कोथरूडची_मावशी: काय सांगता! मग दात कोणासारखे?

बाणेरी_बायो: धड कोणासारखेच नाहीत, तोंडभर दात आणि त्यातले काही पीळदार.