मदत हवी आहे: पोटगीचा अर्ज रखडलाय, हायकोर्टात जावं का?

नमस्कार. धाकट्या बहिणीसाठी विचारतेय. ती सात वर्षांच्या मुलीला घेऊन भांडुपला आमच्याकडे राहते. घटस्फोटाच्या केसमध्ये तिने हिंदू विवाह कायद्याच्या कलम 24 खाली अंतरिम (केस चालू असेपर्यंतच्या) पोटगीचा अर्ज केलाय. नोटीस बजावून चौदा महिने झाले. कायदा म्हणतो, शक्यतो 60 दिवसांत निकाल द्यावा. इथे मात्र कधी समोरचे वकील गैरहजर, कधी उत्तर दाखल करायला मुदत, कधी बोर्डच (त्या दिवसाच्या केसेसची यादी) संपत नाही. प्रत्येक तारखेला ती अर्ध्या दिवसाची रजा टाकते, आणि शाळेची फी आई पेन्शनमधून भरते. ते बघवत नाही.

संविधानाच्या अनुच्छेद 227 खाली (खालच्या कोर्टांवर देखरेखीचा अधिकार) मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका करून ‘अमुक मुदतीत अर्ज निकाली काढा’ असा आदेश मागता येतो, हे कळलंय. कुणी असं केलंय का? आधी त्याच कोर्टात लवकर सुनावणीचा लेखी अर्ज दिलेला असावा लागतो का? सगळ्या रोजनाम्यांच्या (प्रत्येक तारखेला काय झालं याची कोर्टाची नोंद) प्रमाणित प्रती लागतील ना? आमच्या बाजूनेही दोनदा तारीख मागितली होती, ते आड येईल का? मालमत्ता व उत्पन्नाचं शपथपत्र तिने दिलंय, तिच्या नवऱ्याने अजून नाही.

आमचे वकील म्हणतात, वर गेलात तर इथले न्यायाधीश साहेब नाराज होतील. मला हे पटत नाही, पण बहीण घाबरलीये.

महिलांना उत्पन्न न बघता मोफत विधी सेवा मिळते. उच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडून वकील घेतलेल्या कुणाचा अनुभव असेल तर कृपया सांगा. पुढची तारीख तीन आठवड्यांवर आहे.